तारणीवरचे पंचांग

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत आमच्या शेजारची आठवीतली मुलगी दोनशे पानी वही घेऊन माझ्याकडे आली. वहीत तिने लिहिलेली गोष्ट होती. गोष्ट घडते तारणी नावाच्या एका काल्पनिक ग्रहावर. तिथे दोन चंद्र आहेत, उडणारी हरणे आहेत, तीन राण्या आहेत, आणि हे सगळे सुरू होण्याआधी पहिल्याच पानावर तारणीचे पंचांग दिलेले आहे. "मावशी, गोष्ट नंतर वाच. आधी हे पंचांग बरोबर आहे का ते सांग," असे तिचे म्हणणे.

पंचांग असे होते. तारणीचे वर्ष ३२० दिवसांचे. त्यात चाळीस चाळीस दिवसांचे आठ महिने. प्रत्येक महिन्याला आकाशातल्या एकेका तारकासमूहाचे नाव: नांगर, घुबड, शिडी, पखाल, दिवटी, हरिण, कोयता आणि नाव (म्हणजे होडी). नांगर समूहात एक तांबूस तारा आहे, त्याचे नाव बीजतारा. बरेच दिवस दिसेनासा झालेला हा तारा पहाटे पहिल्यांदा पूर्वेला दिसला की वर्ष सुरू होते आणि त्याच दिवशी सगळ्या राज्यात पेरणी होते. खाली ठळक अक्षरांत लिहिले होते : 'हे पंचांग दहा हजार वर्षांत एकदाही बदललेले नाही, कारण तारे कधी चुकत नाहीत.'

मी खगोलशास्त्रज्ञ नाही. माझे संशोधन स्फटिकांवर चालते. तरीही त्या शेवटच्या वाक्यापाशी मी अडखळले. तारणीवरच्या लोकांनी खरोखरच असे पंचांग दहा हजार वर्षे पाळले असते, तर त्यांची उपासमार झाली असती. का, ते समजावून सांगता सांगता आमची सुट्टी संपली. त्यातला बराचसा भाग तुमच्या वर्गातही उपयोगी पडेल, म्हणून तो इथे मांडते आहे.

पहिला हिशोब : एक दिवस जास्तीचा

मी तिला पहिला प्रश्न विचारला, "वर्षाच्या ३२० दिवसांत तारणी स्वतःभोवती किती वेळा फिरते?" तिने अर्थातच "३२० वेळा" असे उत्तर दिले. शिक्षकांच्या शिबिरांतही हेच उत्तर मिळते. मग आम्ही घराच्या मधल्या खोलीत एक स्टूल ठेवले. स्टूल म्हणजे सूर्य. तिला सांगितले, "तोंड सतत स्टुलाकडे ठेवून त्याच्याभोवती एक फेरी घाल, आणि स्टुलाच्या मागे कोणती भिंत दिसते ते सांगत राहा." फेरी पुरी होईपर्यंत तिला चारही भिंती एकामागून एक दिसल्या. म्हणजे भिंतींच्या हिशोबाने ती स्वतःभोवती एकदा पूर्ण फिरली. पण सूर्य तिच्या नजरेसमोरून एकदाही हलला नाही. सूर्योदय झाला नाही की सूर्यास्तही नाही. दिवस शून्य, पण फिरणे एक.

आता या फेरीत जितके दिवस घालाल तितकी फिरणी वाढतील, पण ते जास्तीचे एक तसेच राहील. म्हणून सूर्याचे ३२० दिवस असतील तर ताऱ्यांच्या संदर्भात फिरणी ३२१. पृथ्वीचेही तसेच. वर्षात सूर्योदय सुमारे ३६५, पण पृथ्वीची फिरणी सुमारे ३६६.

ही गोष्ट आपल्याकडे फार जुनी आहे. आर्यभटाने आपला ग्रंथ इ.स. ४९९च्या सुमारास रचला. त्याने ४३,२०,००० वर्षांच्या युगात पृथ्वीची फिरणी १,५८,२२,३७,५०० होतात असे सांगितले. या आकड्यातून वर्षांची संख्या वजा केली, म्हणजे दर वर्षाला एक फिरणे कमी केले, की १,५७,७९,१७,५०० उरतात. हे त्या युगातले दिवस. त्यांना वर्षांनी भागा, ३६५.२५८७ दिवसांचे वर्ष मिळते. दिवसांना फिरण्यांच्या संख्येने भागा. पृथ्वीच्या एका फिरण्याला २३ तास ५६ मिनिटे ४.१ सेकंद हा काळ मिळतो. आजचा आकडाही तेवढाच आहे. नववी-दहावीच्या मुलांकडून हे दोन भागाकार हातानेच करून घ्यावेत. उत्तर जुळल्यावर मुलांच्या चेहऱ्यावर जे दिसते ते बघण्यासारखे असते.

२४ तासांतून २३ तास ५६ मिनिटे वजा केली की उरतात चार मिनिटे. म्हणजे कोणताही तारा काल ज्या वेळी उगवला त्याच्या चार मिनिटे आधी आज उगवतो. पंधरा दिवसांत एक तास, महिन्यात दोन तास. ताऱ्यांच्या पंचांगाचे सगळे यंत्र या चार मिनिटांवर चालते. हे पाहायला दुर्बीण लागत नाही. शाळेच्या किंवा घराच्या पूर्वेला एखादे घराचे आढे किंवा भिंतीची कड निवडा. दर वेळी एकाच खुणेवर उभे राहून एखादा ठळक तारा त्या कडेवर कधी येतो त्याची वेळ लिहा. डिसेंबरात मृग नक्षत्रातला तांबडा काक्षी किंवा त्याच्या मागून येणारा व्याध सोयीचा. आठ दिवसांनी पुन्हा पाहा. अर्ध्या तासाचा फरक कोणाच्याही लक्षात येतो.

तिच्या गोष्टीत आणखी एक गंमत होती. तारणीवर सूर्य पश्चिमेला उगवत असे. "वेगळं वाटावं म्हणून," ती म्हणाली. वेगळे वाटायला हरकत नाही, पण मग ग्रह सूर्याभोवती एका दिशेने जातो आणि स्वतःभोवती उलट दिशेने फिरतो असे मानावे लागेल. अशा ग्रहावर हिशोब उलटतो : ३२० दिवसांना फिरणी ३१९, आणि तारे रोज लवकर उगवण्याऐवजी उशिरा उगवतात. शुक्र असाच आहे. त्याला एका फिरण्याला २४३ दिवस (आपले) लागतात आणि वर्ष २२४.७ दिवसांचे. म्हणजे वर्षात ०.९२ फिरणे, आणि शुक्रावरचे दिवस त्याहून एकाने जास्त, १.९२. बुध सरळ फिरणारा, पण त्याचे तर वर्षात दीडच फिरणे; त्यातून एक वजा करा, अर्धा दिवस उरला! बुधावरचा एक दिवस त्याच्या दोन वर्षांएवढा असतो. हे ऐकून तिने तारणीचा सूर्य मुकाट्याने पूर्वेला नेला.

महिन्याचा तारा कोणता म्हणायचा?

आठ तारकासमूह, प्रत्येकाच्या वाट्याला आकाशाचे ४५ अंश, आणि सूर्य ४० दिवसांत तेवढा सरकतो. इथवर तिचे पंचांग ठीक होते. पण 'घुबड महिना' म्हणजे नक्की काय? घुबड पहाटे उगवते तो महिना, की संध्याकाळी सूर्य मावळताना पूर्वेला उगवते तो, की सूर्य घुबडातच असतो तो? पहिल्या आणि दुसऱ्या अर्थात जवळपास अर्ध्या वर्षाचा फरक पडतो. तिने तिन्ही अर्थ तीन वेगवेगळ्या पानांवर वापरले होते.

तिला दोष देण्यात अर्थ नाही, कारण आपणही हेच करतो. आपल्या महिन्यांची नावे पौर्णिमेच्या चंद्राजवळच्या नक्षत्रावरून आली : चित्रेवरून चैत्र, कृत्तिकांवरून कार्तिक, मघांवरून माघ. पौर्णिमेला चंद्र सूर्याच्या बरोबर समोर असतो, म्हणजे ही नक्षत्रे त्या महिन्यात संध्याकाळी पूर्वेला उगवून रात्रभर दिसणारी. मार्गशीर्षात मृग रात्रभर दिसतो. पण शेतकऱ्याची पावसाची नक्षत्रे वेगळ्या अर्थाची. ७-८ जूनला 'मृग लागला' म्हणतात, तेव्हा सूर्य मृग नक्षत्राच्या विभागात शिरलेला असतो. म्हणजे ज्या दिवसांत मृगाचे नाव तोंडोतोंडी असते, त्याच दिवसांत मृग आकाशात दिसू शकत नाही! तो सूर्याच्या उजेडात लपलेला असतो. त्या दिवसांत ढग नसतील तर संध्याकाळी आग्नेयेला दिसतो तो वृश्चिक. 'मृग लागला तर दाखवा ना' असे एखाद्या मुलाने विचारले, तर त्याला गप्प बसवू नये. तो प्रश्न बरोबर आहे. पंचांगात त्या नक्षत्रांना वाहने दिलेली असतात, कोणाला बेडूक, कोणाला म्हैस, कोणाला गाढव. मुलांना ती पाठ असतात. त्यांचा पावसाशी संबंध नाही, पण नक्षत्रांची नावे शिकवायला ती मोठ्या सोयीची, असे माझे मत आहे.

बीजताऱ्याच्या बाबतीत तिची व्याख्या चोख होती : पहाटे पहिल्यांदा दिसेल तो दिवस. प्राचीन इजिप्तमध्ये व्याधाच्या बाबतीत हेच करत. व्याध सुमारे ७० दिवस सूर्याच्या उजेडात नाहीसा होई. मग उन्हाळ्यात एका पहाटे तो पुन्हा दिसे, आणि त्याच सुमारास नाईलला पूर येई. मात्र इजिप्तच्या व्यवहारातले वर्ष सरळ ३६५ दिवसांचे होते, तीस दिवसांचे बारा महिने आणि वर पाच दिवस. त्यामुळे ते दर चार वर्षांनी एका दिवसाने व्याधाच्या पुढे धावे. सुमारे १४६० वर्षांनी दोघांची पुन्हा गाठ पडे. अशी एक गाठ इ.स. १३९मध्ये पडल्याची नोंद आहे.

तिच्या व्याख्येत एकच अडचण होती. बीजतारा दिसण्याची वेळ तिने नेमकी पावसाळ्याच्या तोंडावर ठेवली होती. "त्या वेळी ढग नसतात का?" मी विचारले. तिने बीजतारा एक महिना अलीकडे आणला. आता पेरणी ताऱ्याच्या दर्शनानंतर चाळीस दिवसांनी.

दुसरा हिशोब : वरचे तुकडे

कोणत्याही ग्रहाला वर्षात पूर्ण दिवसच बसवले पाहिजेत अशी सक्ती नसते. ग्रहाचे स्वतःभोवती फिरणे आणि सूर्याभोवती फिरणे या दोन स्वतंत्र गोष्टी. आम्ही ठरवले की बीजतारा ३२०.३ दिवसांनी त्याच जागी येतो. मग ३२० दिवसांचे वर्ष दर दहा वर्षांत तीन दिवस मागे पडणार. त्यावर उपाय सोपा, दहा वर्षांतून तीन वर्षे ३२१ दिवसांची.

इथे तिने एक चांगला प्रश्न विचारला. ".३ हे त्यांना कळलं कसं? पहाटे धुकं असेल, एखाद्या वर्षी तारा तीन दिवस उशिरा दिसेल." बरोबर आहे. एका वर्षाच्या निरीक्षणावरून काहीच कळणार नाही. पण शंभर वर्षांच्या नोंदी ठेवल्या आणि पहिल्या-शेवटच्या नोंदीत मिळून तीन दिवसांची चूक असली, तरी ती शंभर वर्षांत वाटली जाते. वर्षाच्या लांबीतली चूक उरते ०.०३ दिवस. हजार वर्षांच्या नोंदी असतील तर त्याचाही दहावा भाग. जुन्या लोकांकडे घड्याळे नव्हती, चिकाटी होती. आर्यभटाचे ३६५.२५८७ दिवसांचे वर्ष आजच्या मापनापेक्षा, म्हणजे ३६५.२५६४पेक्षा, अवघे साडेतीन मिनिटांच्या आत जास्त आहे.

तिसरा हिशोब : तारे आणि ऋतू यांची फारकत

आता खरी अडचण. वर आर्यभटाच्या वर्षाशी तुलना करताना मी ३६५.२५६४ हा आकडा घेतला. पण भूगोलाच्या पुस्तकात वर्ष ३६५.२४२२ दिवसांचे दिलेले असते. दोन्ही आकडे बरोबर आहेत. पहिला म्हणजे सूर्य एका ताऱ्यापासून निघून पुन्हा त्याच ताऱ्यापाशी येण्याचा काळ. त्याला नाक्षत्र वर्ष म्हणतात. दुसरा म्हणजे एका वसंतसंपातापासून पुढच्या वसंतसंपातापर्यंतचा काळ, ज्यावर ऋतू अवलंबून असतात. ते सांपातिक वर्ष. फरक ०.०१४२ दिवसाचा, म्हणजे सुमारे २० मिनिटांचा.

हा फरक पडतो कारण पृथ्वीचा अक्ष स्थिर नाही. पृथ्वी विषुववृत्तापाशी फुगलेली आहे. तिथला व्यास ध्रुवांतून जाणाऱ्या व्यासापेक्षा सुमारे ४३ किलोमीटरने जास्त आहे. चंद्र आणि सूर्य या फुगवट्याला ओढतात आणि कललेला अक्ष सरळ करू पाहतात. पण पृथ्वी फिरती असल्यामुळे ती सरळ होत नाही, तिचा अक्ष डुलू लागतो. भोवऱ्याची आर ताणून बघा. भोवरा पडण्याऐवजी त्याची मान हळूहळू गोल फिरते. पृथ्वीच्या मानेला अशी एक फेरी घालायला सुमारे २५,८०० वर्षे लागतात. म्हणून आजचा ध्रुवतारा नेहमीचा ध्रुवतारा नाही. पिरॅमिड बांधले गेले त्या काळात उत्तर ध्रुवाजवळ कालेय समूहातला ठुबान होता, आणि सुमारे १२,००० वर्षांनी तेजस्वी अभिजित त्या बाजूला असेल. अक्ष डुलला की संपातबिंदू ताऱ्यांमधून मागे सरकतात. ऋतू अक्षाच्या कलाशी बांधलेले, त्यामुळे तेही ताऱ्यांना सोडून मागे सरकतात. वीस वीस मिनिटे साठत सुमारे ७१ वर्षांत एक दिवस होतो.

आता हे तारणीला लावू. तिथे दोन चंद्र, त्यातला एक बराच जवळ. जवळच्या चंद्राची ओढ फार वाढते, कारण हा परिणाम अंतराच्या घनाच्या व्यस्त प्रमाणात असतो. तेव्हा तारणीचा अक्ष पृथ्वीपेक्षा लवकर फेरी घालणार. हिशोबाच्या सोयीसाठी आम्ही ती फेरी १६,००० वर्षांची धरली. एका फेरीत ताऱ्यांचे पंचांग ऋतूंच्या मानाने पूर्ण एक वर्ष, म्हणजे ३२० दिवस, घसरणार. १६,००० भागिले ३२० बरोबर ५०. पन्नास वर्षांत एक दिवस. नाक्षत्र वर्ष ३२०.३० दिवसांचे, तर ऋतूंचे ३२०.२८.

पन्नास वर्षांत एक दिवस म्हणजे आजीला आणि नातीला फरक जाणवणार नाही. पण तिच्या राज्याची दहा हजार वर्षे म्हणजे दोनशे दिवस! तारणीवर ऐंशी ऐंशी दिवसांचे चार ऋतू आहेत : पावसाळा, धुके, हिवाळा, उन्हाळा. जी पेरणी पावसाच्या तोंडावर होत होती ती आता अडीच ऋतू सरून ऐन हिवाळ्यात होणार. आणि लोक म्हणणार, तारे कधी चुकत नाहीत.

ती बराच वेळ वहीकडे बघत बसली. मग म्हणाली, "म्हणजे माझे सगळे लोक मेले?"

आपले मृग नक्षत्र

तारणीची गोष्ट काल्पनिक, पण तिच्यातले गणित आपल्या दारात आहे. आपली पंचांगे निरयन, म्हणजे ताऱ्यांना धरून चालणारी. मृग लागण्याचा दिवस हा नाक्षत्र वर्षाने ठरतो आणि मोसमी पाऊस ऋतूंच्या वर्षाने. सध्या दोन्ही बरोबर येतात : ७-८ जूनला मृग लागतो आणि त्याच सुमारास कोकणात पाऊस टेकतो. पण दीड हजार वर्षांपूर्वी सूर्य मृगात शिरे तो ऋतूंच्या हिशोबाने सुमारे तीन आठवडे आधी, म्हणजे आपल्या आजच्या मेच्या मध्याला. तेव्हाच्या कोणी मृगावर पेरणी केली असती तर बी उन्हात करपले असते. आणि आणखी दोन हजार वर्षांनी मृग लागेल तो जुलैच्या पहिल्या आठवड्यात. मृगावर पेरणी हा काही सनातन नियम नव्हे. या काही शतकांपुरता जमलेला तो योग आहे. मकरसंक्रांतही अशीच सरकत १४-१५ जानेवारीवर आली आहे. खरे उत्तरायण मात्र २१-२२ डिसेंबरलाच सुरू होऊन गेलेले असते.

या घसरणीचा उलटा उपयोगही होतो. जुन्या ग्रंथात संपात कोणत्या नक्षत्रात होता याचा उल्लेख सापडला, तर त्यावरून ग्रंथाचा काळ काढायचा. शंकर बाळकृष्ण दीक्षित हे पेशाने शिक्षक. त्यांनी १८९६च्या आपल्या 'भारतीय ज्योतिषशास्त्र' या मराठी ग्रंथात शतपथ ब्राह्मणातल्या कृत्तिकांच्या उल्लेखाचा असाच विचार केला. लोकमान्य टिळकांनी 'ओरायन' (१८९३) या पुस्तकात मृगातल्या संपातावरून वेदांचा काळ मांडला. त्यांचे निष्कर्ष सर्वमान्य झाले नाहीत. उल्लेखांचा अर्थ कसा लावायचा इथे वाद आहे. पण घड्याळ म्हणून ही घसरण पक्की आहे.

ताऱ्यांवर पंचांग चालवायचे तर आणखी एक तंटा उभा राहतो : मोजायला सुरुवात कुठून करायची? आकाशात शून्य असे कोरलेले नाही. महाराष्ट्रात हा वाद चांगलाच रंगला. रेवतीच्या एका मंद ताऱ्यापासून मोजायचे, की चित्रेच्या बरोबर समोरच्या बिंदूपासून? दोन्हींत सुमारे चार अंशांचा फरक, म्हणजे संक्रांतीत चार दिवसांचा. टिळक पंचांग रेवती मानते, बाकीची बहुतेक पंचांगे चित्रा. त्यामुळे क्वचित अधिक महिनाही दोघांचा वेगवेगळा येतो.

१९५२ साली नेमलेल्या पंचांग सुधारणा समितीचे अध्यक्ष मेघनाद साहा होते, ज्यांचे नाव आपण ताऱ्यांच्या वर्णपटाच्या संदर्भात ऐकतो. १९५५च्या अहवालात समितीने राष्ट्रीय दिनदर्शिका ऋतूंना बांधली. महिन्यांची नावे चैत्र-वैशाखच ठेवली, पण १ चैत्र कायम २२ मार्चला (लीप वर्षी २१ला). ती २२ मार्च १९५७, म्हणजे १ चैत्र १८७९ पासून लागू झाली. तिच्यात वैशाख ते भाद्रपद हे पाच महिने ३१ दिवसांचे का, हे मुलांना जरूर विचारावे. जुलैच्या सुरुवातीला पृथ्वी सूर्यापासून सर्वांत दूर असते आणि सावकाश चालते. म्हणून त्या भागात सूर्याला एक रास ओलांडायला जास्त दिवस लागतात. ही दिनदर्शिका राजपत्रावर छापली जाते, आकाशवाणीवरून सांगितली जाते, पण घरातल्या भिंतीवर काही पोचली नाही. शास्त्रशुद्ध असणे आणि लोकांचे होणे यात अंतर असते, आणि ते अंतर सणावारांनी भरलेले असते.

काल्पनिक पंचांग रचणारी आमची शेजारीण एकटी नाही. टॉमस गँगेल या अमेरिकन गृहस्थाने १९८५ साली मंगळासाठी पंचांग रचले. मंगळाचे वर्ष मंगळाच्याच ६६८.५९ दिवसांचे. गँगेलने त्याचे २४ महिने केले, वीस महिने २८ दिवसांचे आणि चार २७ दिवसांचे; दहातल्या सुमारे सहा वर्षांत एक दिवस जास्तीचा. महिन्यांना नावे दिली राशींची, आणि चोवीस नावे हवीत म्हणून एक लॅटिन, एक संस्कृत अशी : सॅजिटेरियस, मग धनु, कॅप्रिकॉर्नस, मग मकर. नावे ताऱ्यांची, पण वर्षाचा आरंभ मंगळाच्या वसंतसंपातापासून. साहा समितीनेही तेच केले होते. तिला हे सांगितले तेव्हा ती म्हणाली, "नाव ताऱ्याचं आणि काम सावलीचं?" हा 'सावली' शब्द तिच्या डोक्यात कुठून आला, तर त्या आठवड्यात आम्ही गच्चीवर काठी उभी केली होती.

सावलीची माणसे

एक मीटरची काठी ओळंब्याने सरळ उभी करा आणि मध्यान्हीची, म्हणजे दिवसातली सर्वांत आखूड, सावली मोजा. पुण्यासारख्या ठिकाणी २२ डिसेंबरला ती सुमारे ९० सेंटिमीटर भरते, २१ मार्च आणि २३ सप्टेंबरच्या सुमारास ३३ सेंटिमीटर. मेच्या मध्याच्या आसपास एका दिवशी ती नाहीशी होते, जूनमध्ये दक्षिणेकडे थोडी पडते, आणि जुलैच्या अखेरीस पुन्हा एकदा नाहीशी होते, पण तेव्हा ढगांमुळे ते सहसा दिसत नाही. या सावलीला ताऱ्यांशी काही देणेघेणे नाही. ती ऋतूंचे वर्षच मोजते.

मात्र मोजायचे कधी, यात खुबी आहे. मुले उत्साहाने सर्वांत लांब सावलीचा दिवस शोधू जातात आणि फसतात. २२ डिसेंबरच्या आधी किंवा नंतर चार दिवस गेले तरी एक मीटरच्या काठीची सावली दोन मिलिमीटरनेही बदलत नाही. सूर्य बिंदू नाही, अर्ध्या अंशाची थाळी आहे; त्यामुळे सावलीचे टोकच सुमारे सेंटिमीटरभर पुसट असते. त्यात दोन मिलिमीटर कुठे दिसणार? मार्चमध्ये मात्र हीच सावली रोज पाऊण सेंटिमीटरने आखूड होते. तेव्हा मोजणी संपाताच्या आसपास, आधीचे आठ आणि नंतरचे आठ दिवस करावी आणि आलेख काढावा. दोन वर्षे केली तर मुलांना स्वतःचे वर्ष एखाद्या दिवसाच्या चुकीने सापडते.

ताऱ्याच्या बाजूनेही बोलले पाहिजे. तारा रात्री वाटेने चाललेल्या कोणालाही दिसतो. त्याला ना सपाट अंगण लागते, ना ओळंबा, ना लिहून ठेवलेल्या नोंदी. समुद्रावरच्या माणसाला काठी रोवता येत नाही. पाच-सात पिढ्यांपुरते पंचांग हवे असेल तर तारा उत्तम. शेवटी, 'तारे कधी चुकत नाहीत' हेही पूर्ण खरे नाही, हे मी तिला सांगून टाकले. ते स्वतःही सरकतात. स्वाती सुमारे आठशे वर्षांत पूर्ण चंद्राच्या रुंदीएवढी सरकते.

जानेवारीत ती वही पुन्हा आली. पहिल्या पानावरचे वाक्य खोडले होते. गोष्टीत आता दोन घराणी आहेत : तारकर आणि सावलकर. तारकरांकडे दहा हजार वर्षांचे पंचांग आहे, देवळे आहेत आणि तीनपैकी दोन राण्या आहेत. सावलकरांकडे डोंगरावर रोवलेला एक दगडी खांब आहे, आणि त्याच्या सावलीच्या खुणा वीस पिढ्यांनी कोरलेल्या आहेत. तारकर लोक जुन्या काळापासून पेरणी थोडी थोडी उशिरा ढकलत आले, पण ते कबूल करत नाहीत. 'बीजतारा दिसल्यावर चाळीस दिवसांनी' या नियमातले 'चाळीस' ते गुपचूप बदलत गेले. हे तिचे तिनेच शोधले. मी थक्क झाले, कारण हिशोबात ते चुकीचे होते. तारा ऋतूंच्या मानाने उशिरा दिसू लागतो, तेव्हा चाळीस दिवस वाढवायचे नसतात, कमी करायचे असतात. आणि दोन हजार वर्षांत ते शून्य होतात. तिला तसे सांगितले. तिने तिथल्या तिथे गुणाकार केला, पन्नास गुणिले चाळीस, आणि विचारले, "मग दोन हजार एकाव्या वर्षी ते काय करतील?"